सेवक, वारस की आश्रित? : सुलतान खान यांच्या चरित्रलेखनाची चिकित्सा

बुद्धिबळपटूच्या चरित्रकाराला एक सोय असते, ती इतर चरित्रकारांच्या वाट्याला क्वचितच येते. नायकाने पटावर घेतलेला प्रत्येक निर्णय चालीगणिक नोंदलेला असतो. कवीची खोडलेली ओळ हरवते, गवयाची मैफल विरून जाते. डाव मात्र नव्वद वर्षांनीही जसाच्या तसा मांडता येतो. याच सोयीतून एक धोका उद्भवतो. डाव पुराव्यानिशी हाती असतात, आयुष्य बरेचसे ऐकीव असते आणि त्या ऐकीव आयुष्याच्या आधारे डावांचा अर्थ लावण्याचा मोह होतो. पंजाबातील मिठा टिवाणा येथे १९०३ च्या सुमारास जन्मलेल्या सुलतान खान यांच्याविषयीचे लेखन हे याचे ठळक उदाहरण होय.

त्यांच्या कारकिर्दीचा तपशील निर्विवाद आहे. १९२८ मध्ये त्यांनी अखिल भारतीय अजिंक्यपद मिळविले. १९२९ मध्ये सर उमर हयात खान यांच्यासमवेत ते लंडनला गेले व त्याच वर्षी ब्रिटिश विजेते झाले. १९३२ व १९३३ मध्ये हे पद त्यांनी पुन्हा जिंकले. १९३०-३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्यांनी माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला नमविले. १९३१ च्या प्राग ऑलिंपियाडमध्ये पहिल्या पटावर खेळताना फ्लोर व रुबिन्स्टाइन यांना हरविले आणि तत्कालीन जगज्जेत्या अलेखिनशी बरोबरी साधली. तार्ताकोव्हर यांच्याविरुद्धचा सामनाही त्यांनी त्याच वर्षी जिंकला. १९३३ च्या अखेरीस ते मायदेशी परतले. १९३५ मध्ये व्ही. के. खाडिलकर यांच्याशी झालेल्या दहा डावांच्या सामन्यात त्यांनी केवळ एक डाव बरोबरीत सोडला, बाकी सर्व जिंकले. त्यानंतर मात्र ते स्पर्धात्मक बुद्धिबळातून जवळजवळ दिसेनासे झाले. १९६६ मध्ये सरगोधा येथे त्यांचे निधन झाले. आंतरराष्ट्रीय कारकीर्द पाच वर्षांचीही नाही.

आर. एन. कोल्स यांनी १९६५ मध्ये त्यांच्या निवडक डावांचे पुस्तक सिद्ध केले. सविस्तर चरित्र मात्र ब्रिटिश ग्रँडमास्टर डॅनियल किंग यांनी २०२० मध्ये लिहिले. किंग यांचे डावांचे विश्लेषण जाणकाराचे आहे आणि तत्कालीन स्पर्धांचे वातावरणही त्यांनी परिश्रमपूर्वक उभे केले आहे. अडचण उपशीर्षकापासून सुरू होते. ब्रिटिश साम्राज्याचा बुद्धिबळविजेता झालेला भारतीय नोकर, असा त्याचा आशय आहे. वाचकाने पहिले पान उलगडण्यापूर्वीच नायकाचे सामाजिक स्थान ठरून जाते.

सुलतान खान यांची नात, इतिहासाच्या अभ्यासक डॉ. अतियाब सुलतान, व त्यांचे पुत्र अथर सुलतान यांनी या चित्रणास जाहीर हरकत घेतली. त्यांच्या म्हणण्यानुसार घराणे पीरांचे व जमीनदारांचे होते. सुलतान खान नोकर नव्हते आणि निरक्षर तर नव्हतेच. या आक्षेपाचे महत्त्व मान्य करावयास हवे. वसाहतकाळातील इंग्रजी वृत्तांत पिढ्यान्‌पिढ्या उतरवून घेतले गेले आणि ते तपासण्यासाठी कुटुंबाचा दरवाजा क्वचितच ठोठावला गेला, हे वास्तव त्यातून समोर येते.

तथापि कुटुंबाचा युक्तिवादही काही प्रमाणात जाचतो. नोकर म्हणणे हा अपमान आणि जमीनदार म्हणणे हे परिमार्जन, असे गृहीत धरले की चर्चा पुन्हा कुळाच्याच भोवती फिरते. डावाची गुणवत्ता दोन्हीकडून दुर्लक्षित राहते.

माझ्या मते या वादाची खरी कोंडी शब्दाची आहे. इंग्रजीत या नात्याला नेमका शब्द सापडत नाही. आपल्याकडे तो आहे, आश्रित. संस्थानिक व सरदार यांच्या पदरी गवई, मल्ल, शास्त्री असत. कोल्हापूरच्या दरबारी अल्लादिया खाँ होते, पतियाळाच्या दरबारी गामा पहिलवान होता. अल्लादिया खाँ यांच्याविषयी ‘गायक झालेला नोकर’ असे लिहिण्याचे धाडस कोणी करणार नाही, आणि ते दरबारापासून सर्वस्वी स्वतंत्र होते असेही कोणी म्हणणार नाही. आश्रिताला मान असतो, तनखा असतो. मात्र स्वतःच्या वेळेवर व प्रवासावर त्याची सत्ता नसते. सर उमर १९२४ ते १९३४ या काळात भारतमंत्र्यांच्या कौन्सिलचे सदस्य होते, म्हणून सुलतान खान लंडनला होते. आश्रयदात्याने परतावयाचे ठरविले तेव्हा तेही परतले. ऐन बहरातील कारकीर्द अशी थांबते, याचे स्पष्टीकरण ‘नोकर’ या शब्दात पुरते मिळत नाही आणि ‘जमीनदार’ या शब्दात तर मुळीच मिळत नाही.

अमेरिकन खेळाडू रूबेन फाइन यांनी सांगितलेला प्रसंग या दृष्टीने पुन्हा वाचण्याजोगा आहे. १९३३ मध्ये सर उमर यांच्या घरी अमेरिकन संघाला मेजवानी होती आणि तेथे सुलतान खान जेवण वाढत होते. श्रेष्ठ खेळाडूला वाढप्याच्या भूमिकेत पाहून पाहुणे अवघडले. आपल्याकडे पाहुण्यांच्या पंगतीत घरच्या माणसाने वाढणे हा आदरसत्काराचा भाग मानला जातो, हे त्यांना ठाऊक असण्याचे कारण नव्हते. परंतु एवढ्यावर समाधान मानणे हीदेखील पळवाट ठरेल. सर उमर स्वतः वाढत नव्हते. पाहुण्यांचे अवघडलेपण अर्धे अज्ञानातून आले असले तरी उरलेले अर्धे खरे होते.

दुसरा प्रश्न ‘नैसर्गिक प्रतिभे’चा. पुस्तके न वाचता, केवळ उपजत बुद्धीने खेळणारा पौर्वात्य, ही प्रतिमा सुलतान खान यांना चिकटली ती आजतागायत. तिला काही आधार आहे. ते ज्या भारतीय पद्धतीत वाढले तीत प्यादे पहिल्या चालीत दोन घरे जात नसे, किल्लेकोट नव्हता, राजाला एकदा घोड्याची चाल करता येई. साहजिकच युरोपीय पद्धतीच्या सुरुवातीच्या चालींत ते कच्चे होते. परंतु लंडनला पोहोचल्यावर त्यांच्यासाठी भरविलेल्या सराव-स्पर्धेत ते तळाशी राहिले, मग विंटर व येट्स यांनी त्यांचा सराव घेतला आणि त्याच उन्हाळ्यात ते ब्रिटिश विजेते झाले. हा क्रम शिकणाऱ्या माणसाचा आहे. कापाब्लांकाविरुद्धचा विजय पासष्ट चालींचा. त्यात चमत्कृती शोधू जाणाऱ्याची निराशा होईल. संथ, चिवट आणि प्रतिपक्षाला हळूहळू जखडत नेणारा तो डाव आहे.

गंमत अशी की, कापाब्लांकालाही समीक्षक नैसर्गिक प्रतिभेचाच खेळाडू म्हणत. मात्र तो कोलंबिया विद्यापीठात काही काळ शिकलेला आणि क्युबाच्या परराष्ट्र खात्यात नेमलेला. त्याच्या बाबतीत ‘नैसर्गिक’ या शब्दाचा अर्थ ओघवता, सहज असा होतो. सुलतान खान यांच्या बाबतीत तोच शब्द अशिक्षित या अर्थाकडे झुकतो. (आपल्या क्रीडाचरित्रांतही ‘अठराविश्वे दारिद्र्य’ हे पहिल्या प्रकरणाचे जवळजवळ सक्तीचे शीर्षक असते, हे कबूल केले पाहिजे. वाचकाला ती चढण हवी असते, लेखक ती पुरवतो.)

१९५० मध्ये जागतिक बुद्धिबळ महासंघाने प्रथम ग्रँडमास्टर किताब दिले. अनेक वर्षे स्पर्धांपासून दूर असलेल्या रुबिन्स्टाइनचे नाव त्यांत होते. त्याला हरविणाऱ्या सुलतान खान यांचे नव्हते. २०२४ मध्ये महासंघाने त्यांना मरणोत्तर सन्माननीय ग्रँडमास्टर हा किताब दिला आणि तो पाकिस्तानच्या पंतप्रधानांकडे सुपूर्द केला. हयातीत ब्रिटिश संघातून खेळलेला, उपशीर्षकात ‘भारतीय’ ठरलेला खेळाडू अशा रीतीने पाकिस्तानचा ग्रँडमास्टर झाला. अथर सुलतान यांनी सांगितलेली आठवण अशी की, वडिलांनी मुलांना बुद्धिबळ शिकविले नाही. आयुष्यात अधिक उपयोगाचे काही करा, असे ते म्हणत. किताब आणि ही आठवण या दोहोंना एकाच प्रकरणात सामावून घेणारे चरित्र लिहावयाचे तर आश्रय या व्यवस्थेचा इतिहास आधी लिहावा लागेल.

आणि त्या इतिहासात फातिमा यांनाही स्थान द्यावे लागेल. त्याही सर उमर यांच्याच घरातील. १९३३ मध्ये हेस्टिंग्ज येथे सुलतान खान ब्रिटिश विजेते झाले, त्याच वर्षी त्या ब्रिटिश महिला विजेत्या ठरल्या. सुलतान खान यांच्या कथेत त्यांच्या वाट्याला बहुधा एखादे वाक्य येते. त्या वाक्यात त्यांचा एकही डाव नसतो.