कालियाने गोळ्या मोजल्या नाहीत

अप्रेझलचा महिना आला की चिंचवड-हिंजवडी पट्ट्यातल्या आयटीवाल्यांच्या ग्रुपवर 'शोले'मधला कालिया हमखास फिरतो. चेहरा विजू खोटेंचा. पण स्टिकर असो की रील, ते गब्बरच्या त्या प्रसिद्ध प्रश्नावरच कापलेलं असतं. प्रश्न अमजद खानचा आहे. खोटेंचं खरं काम त्यानंतर सुरू होतं.

प्रसंग आठवा. सहा गोळ्यांपैकी तीन गब्बर हवेत उडवतो, रिव्हॉल्व्हरचं चक्र फिरवतो आणि तिघांवर एकेकदा चाप ओढतो. तिन्ही वेळा रिकामं. गणित मांडून बघा (सवय जात नाही): तिन्ही रिकामे खण ओळीने आधी येण्याची शक्यता सहात एक. पण ते आले याचाच अर्थ उरलेले तिन्ही खण भरलेले आहेत. माणसंही तीनच. गब्बर हसतो ते हे कळून की नुसत्या मजेने, कोण जाणे. कालिया मात्र मोजत नाही. जिवावरचं टळलंय यावर त्याचा आधी विश्वास बसत नाही, मग सरदार हसतोय म्हणून तो हसतो, आणि बघता बघता ते हसू खरं होतं. हाच माणूस थोड्या वेळापूर्वी रामगढमध्ये घोड्यावर बसून गावकऱ्यांना दरडावत होता. तो गुर्मीतला कालिया आधी नीट उभा केला नसता, तर हे हसू आपल्याला इतकं लागलं नसतं.

वरच्या माणसाचा चेहरा बघून आपला चेहरा ठरवणारा माणूस: खोटेंनी हा प्राणी अचूक ओळखला होता. 'अंदाज अपना अपना'मधला (१९९४) रॉबर्ट त्याचाच विनोदी भाऊ. परेश रावलच्या तेजाची चाकरी करताना तो चुकाही पूर्ण आत्मविश्वासाने करतो. 'अशी ही बनवाबनवी'तल्या (१९८८) बळीत मला एवढं सापडत नाही. तिथे मुख्य मंडळींचाच धुमाकूळ इतका की इतरांना जागा उरत नाही. पुढे तर कित्येक सिनेमांनी त्यांना निव्वळ ओळखीचा चेहरा म्हणून उभं केलं, आणि ही उधळपट्टी आपण खपवून घेतली.

मूकपटांच्या काळातले नट नंदू खोटे हे त्यांचे वडील, शुभा खोटे बहीण. १९९३च्या 'जबान संभाल के' या मालिकेत भाऊ-बहीण दोघंही आहेत. पंकज कपूर हिंदीचे मास्तर आणि विजू खोटे वर्गातले मराठी विद्यार्थी. इथे डोक्यावर सरदार नाही, त्यामुळे त्यांची देहबोलीच मोकळी होते. मराठी माणसाच्या हिंदीवर तेव्हाही सगळे हसायचे, पण खोटे त्याला केविलवाणा होऊ देत नाहीत.

३० सप्टेंबर २०१९ ला ते गेले, तेव्हाही बातम्यांत कालियाच होता. असू दे. फक्त पुढच्या वेळी तो प्रसंग लागला, तर प्रश्नापाशी थांबू नका. आणि गब्बरकडे तर अजिबात बघू नका.