गोविंदराव टेंबे : नट आणि संगीतकार

मराठी बोलपटाच्या आरंभकाळाचा विचार करताना गोविंदराव टेंबे (१८८१–१९५५) यांचे नाव संगीताच्या प्रकरणात घेतले जाते. अभिनयाच्या प्रकरणात त्याचा उल्लेख एका ओळीत आटोपतो. ही विभागणी सोयीची असली, तरी त्यामुळे त्यांच्या कर्तृत्वाचे मर्म हाती लागत नाही. टेंब्यांच्या ठायी नट आणि संगीतकार एकत्र नांदत होते, हा केवळ व्यक्तिगत गुणांचा योगायोग नव्हता; पहिल्या बोलपटांची ती गरजच होती, असे प्रस्तुत टिपणात म्हणावयाचे आहे.

टेंबे मूळचे पेटीवादक. भास्करबुवा बखल्यांचा सहवास आणि अल्लादियाखाँसाहेबांच्या गायकीचा व्यासंग यांतून त्यांची दृष्टी घडली. साथीदाराला गायकाचा श्वास ओळखावा लागतो. तो कोठे थांबेल, कोठे उसळेल, याचा अंदाज बोटांना आधी यावा लागतो. हीच जाण १९११ मध्ये ‘मानापमाना’च्या चालींत उतरली. ठुमरी, दादरा, कजरी यांसारख्या पूरब बाजाच्या प्रकारांचा रंग रंगभूमीवर आणताना त्यांनी पदाचा विचार रागविस्ताराबरोबरच पात्राच्या भावाशीही जोडला. १९१३ मध्ये बालगंधर्व व गणपतराव बोडस यांच्यासह ते गंधर्व नाटक मंडळीचे एक मालक झाले. नायकाच्या भूमिका करीत असल्यामुळे चाल बांधणारा आणि ती लोकांपुढे निभावणारा, अशा दोन्ही बाजू त्यांना ठाऊक होत्या.

त्याच १९१३ साली फाळक्यांचा मूक ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला. पुढे एकोणीस वर्षांनी, १९३२ मध्ये, कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ काढला आणि तोच राजा मराठीत बोलू व गाऊ लागला. दिग्दर्शन शांतारामबापूंचे, तारामती दुर्गाबाई खोटे. हरिश्चंद्राची भूमिका आणि संगीत ही दोन्ही टेंब्यांची. पार्श्वगायनाची पद्धत तेव्हा रूढ नव्हती. नटाने कॅमेऱ्यासमोर गावे, साथीदारांनी चौकटीबाहेर बसावे आणि चित्र व ध्वनी यांचे मुद्रण एकदमच व्हावे, अशी रीत होती. अशा स्थितीत स्वतःच्या गळ्याची मर्यादा जाणून चाल बांधणारा नट मिळणे हे कंपनीचे भाग्यच म्हटले पाहिजे.

तथापि येथेच त्यांच्या कलेची कसोटीही लागली. रंगभूमीवरचे पद श्रोत्यांच्या ‘वन्समोअर’वर वाढत जाते, बोलपटातील गाणे फितीच्या लांबीत बसावे लागते. श्रोता समोर नसतो; दाद मिळते ती महिन्यांनंतर, दुसऱ्याच गावी. टेंब्यांनी पदाचा पल्ला आवरला, पण अंगविक्षेपाची शिस्त मात्र रंगभूमीचीच ठेवली. त्यांचा हरिश्चंद्र धीरोदात्त आहे. परंतु कॅमेरा जवळ आला असताना दुर्गाबाईंच्या चेहऱ्यावर जे सहज उमटते, ते त्यांच्या मुद्रेवर तितक्या सहजतेने येत नाही. हा दोष मान्य करूनही असे म्हणावे लागेल की, राजाचे वैभव जाताना जो संयम जाणवतो तो त्यांच्या स्वरातून येतो, चेहऱ्यातून नव्हे. त्यांच्यातील संगीतकाराने नटाची उणीव भरून काढली.

त्याच वर्षीच्या ‘मायामच्छिंद्र’मध्येही भूमिका व संगीत त्यांचेच, १९३३ च्या ‘सिंहगड’ व ‘सैरंध्री’ यांना त्यांनी संगीत दिले. ‘प्रभात’ पुण्यास गेल्यावर १९३४ च्या ‘अमृतमंथना’चे संगीत केशवराव भोळ्यांकडे आले. भोळे पडद्याआड राहून केवळ चित्रपटाचा विचार करू शकत होते. १९३५ पासून हिंदुस्थानी चित्रपटांत पार्श्वगायन येऊ लागले आणि पुढे गळा व चेहरा यांची फारकत नेहमीची झाली.

ही फारकत प्रगतीची खूण मानली जाते, व ते बहुतांशी खरेही आहे. वाद्यमेळ समृद्ध झाला, नटाची निवड गळ्यावर अवलंबून राहिली नाही. परंतु शब्द उच्चारणाऱ्या देहातूनच स्वर निघतो, ही जी एकात्मता संगीत नाटकाने जपली होती, ती तिच्याबरोबर क्षीण झाली. टेंब्यांचे बोलपट या हानीपूर्वीचा पुरावा होत. म्हणून त्यांचे मूल्यमापन भोळ्यांच्या मापाने किंवा पुढील नटांच्या मापाने करणे न्याय्य नाही. दोन कलांच्या सांध्यावर उभ्या असलेल्या कलावंताला त्या सांध्याचेच माप लावावे लागते. आणि त्या मापाने टेंबे उणे ठरत नाहीत.