उफ्फीत्सींतील दोन रांगा

दर्शन आणि रांग यांची सांगड आपल्या लोकांस नवी नाहीं. पंढरपुरास जाणारा वारकरी मुखदर्शन व पदस्पर्शदर्शन यांतील भेद पुरता जाणून असतो. दुरून मुख पाहून परतावयाचें, कीं चरणांवर मस्तक टेकेपर्यंत तिष्ठत राहावयाचें, हें तो आपल्या सवडीप्रमाणें व श्रद्धेप्रमाणें ठरवितो. फ्लॉरेन्स येथील उफ्फीत्सी या जगद्विख्यात चित्रसंग्रहालयाच्या दाराशीं आम्ही अग्रप्रवेशाचें तिकीट घेऊन उभे राहिलों, तेव्हां हाच भेद आमच्या मनांत आला. ज्या तिकिटानें दाराबाहेर ताटकळण्याचा वेळ वांचतो, त्या तिकिटानें आंत दर्शन कोणतें मिळतें? प्रवासवर्णन लिहिण्याचा किंवा चित्रांची जंत्री देण्याचा आमचा हेतु नाहीं. या एका प्रश्नाचाच येथें विचार कर्तव्य आहे.

प्रथम वास्तूविषयीं थोडें. ‘उफ्फीत्सी’ या शब्दाचा अर्थच मुळीं ‘कचेऱ्या’ असा आहे. नगरीचा कारभार पाहणारीं निरनिराळीं अधिकारीमंडळें एका छपराखालीं आणावीं, म्हणून ड्यूक कोझिमो द मेदिची याच्या आज्ञेवरून जॉर्जो वाझारी यानें १५६० सालीं ही इमारत बांधण्यास आरंभ केला. १५८१ सालीं कोझिमोचा पुत्र फ्रान्चेस्को यानें वरच्या मजल्यावर आपल्या घराण्याचा कलासंग्रह मांडिला. खालीं फिर्यादी व अर्जदार तिष्ठत आहेत, आणि वर राजपुरुष व त्यांचे पाहुणे कलेचा आस्वाद घेत आहेत, अशी ही मूळची व्यवस्था. वर जाण्यास तेव्हां तिकीट लागत नसे, मर्जी लागे. पुढें त्या घराण्याची अखेरची वारस आना मारीया लुईझा हिनें १७३७ सालीं नव्या राजवंशाशीं करार करून असें बंधन घातलें, कीं हा संग्रह फ्लॉरेन्सबाहेर कधींहि नेला जाऊं नये. राज्याचें भूषण, जनतेचा उपयोग आणि परदेशीयांच्या जिज्ञासेस आकर्षण, या तीन हेतूंसाठीं तो तेथेंच राहावा. १७६९ सालीं पिएत्रो लिओपोल्दो या ग्रँड ड्यूकानें संग्रहाचीं दारें सर्वांस खुलीं केलीं. एका स्त्रीच्या दूरदृष्टीमुळें राजाची मर्जी गेली व प्रजेचा हक्क आला, असें म्हणावयास हरकत नाहीं.

आतां प्रश्न असा, कीं अग्रप्रवेशाच्या तिकिटानें ती जुनी मर्जीच नाण्याच्या रूपानें परत आली काय? कित्येक सज्जन असा आक्षेप घेतात, व तो अगदींच पोकळ नाहीं. तथापि आमच्या भेटीच्या वेळीं प्रवेशाचे २५ युरो व वेळ राखून ठेवण्याबद्दल वर ४ युरो, एवढाच संग्रहालयाचा अधिकृत दर होता. चार युरोंत कोणी राजा होत नाहीं. मधले दलाल याच सोयीचे दुप्पट-तिप्पट घेतात, तो दोष निराळा. ज्याच्या पदरीं या नगरींत एकच दिवस आहे, त्याचा अर्धा दिवस फरसबंदीवर उन्हांत उभें राहण्यांत जावा, यांत समतेचा कोणता विजय आहे, हें आम्हांस कळत नाहीं. शिवाय महिन्याच्या पहिल्या रविवारीं प्रवेश विनामूल्य असतो, आणि त्या दिवशीं वेळ राखून ठेवण्याची सोय नसते. म्हणजे दाम नाहीं तेथें अग्रक्रमहि नाहीं. २०१८ सालीं अशाच एका रविवारीं, लाक्विला येथील विद्यापीठाच्या साह्यानें गर्दीचें गणित मांडून, प्रत्येकाच्या हातीं येण्याची वेळ सांगणारी चिठी देण्याचा प्रयोगहि झाला. तात्पर्य, दाराबाहेरच्या रांगेविषयीं आमची तक्रार नाहीं. ती जेवढी आंखूड होईल तेवढें बरें. आमची तक्रार आहे ती दाराच्या आंत सुरू होणाऱ्या घाईविषयीं.

तिकिटाचा महिमा जिन्याच्या पायथ्याशींच संपतो. अंगावरील सामानाची तपासणी सर्वांस सारखीच, आणि उंच जिनाहि सर्वांस सारखाच. परंतु बाहेर वांचलेला तास मनुष्यास उदार करण्याऐवजीं कृपण करितो, असें आमच्या पाहण्यांत आलें. एकदां वेळ वांचला, कीं तो आणखी वांचविण्याची गोडी लागते. वर पोंचतांच ज्याचें त्याचें विचारणें एकच: व्हीनस कोठें आहे? आणि वाटेंतल्या दालनांतून, गांवच्या वेशींतून जावें तशी, मंडळी निघून जाते.

वाटेंत टाकिलेल्या या दालनांपैकीं एक अगदीं आरंभींच आहे. छत उंच, जुन्या देवळासारखें उघड्या लांकडी तुळयांचें. तेथें चिमाबूए, दूच्चो आणि जोत्तो या तिघांचीं तीन प्रचंड वेदीचित्रें एकत्र ठेविलीं आहेत. तिन्हींचा विषय एकच: सिंहासनस्थ मरीया, मांडीवर बालयेशू, भोंवतीं देवदूत आणि मागें सोन्याचा पसारा. दूच्चोचें चित्र १२८५ सालीं एका भक्तमंडळानें सांगून करविलें. तें सुमारें साडेचार मीटर उंच आहे. त्यांतील देवदूत सिंहासनाच्या दोहों बाजूंस गुडघे टेकून आहेत, परंतु त्यांच्या गुडघ्यांखालीं भूमीच नाहीं. चिमाबूएच्या मरीयेच्या वस्त्रावर सोन्याच्या बारीक रेघांचें जाळें आहे. त्या तेजांत देह लपून जातो. नंतर जोत्तोकडे वळावें. हें चित्र १३१० च्या आसपासचें. येथें मरीयेच्या वस्त्राखालीं गुडघे आहेत, हें प्रथमच जाणवतें. ती सिंहासनावर ठेविलेली नाहीं, बसलेली आहे. कारण तिच्या देहास भार आहे. पुढचे दोन देवदूत गुडघे टेकतात ते खरोखरच्या जमिनीवर. देवत्व तेंच, सोनेंहि तेंच. परंतु त्या सोन्यांत एक माणूस बसला आहे. युरोपांतील चित्रकलेनें पुढें जो मार्ग धरिला त्याचें पहिलें पाऊल याच दालनांत दिसतें, आणि तें दिसण्यास तिन्ही चित्रांमध्यें उभें राहून मान इकडून तिकडे वळविण्यापलीकडे कोणतीहि विद्वत्ता लागत नाहीं. आम्ही तेथें अर्धा तास होतों. तेवढ्या वेळांत क्वचितच कोणी थांबला.

आतां व्हीनसकडे जाऊं. सान्द्रो बॉटिचेल्लीनें ‘व्हीनसचा जन्म’ हें चित्र १४८५ च्या सुमारास काढिलें. मध्यंतरीं पावणेदोनशें वर्षें लोटलीं होतीं. जोत्तोनें देहास दिलेला भार मसाच्चोनें आणखी वाढविला होता. त्यानें व मासोलीनोनें मिळून रंगविलेलें संत आनेचें चित्र याच संग्रहांत आहे, आणि त्यांतील मरीया व तिचें बाळ हीं दगडांतून घडविल्यासारखीं भरीव आहेत. म्हणजे भार कसा दाखवावा, हें बॉटिचेल्लीच्या पिढीस शिकावयाचें राहिलें नव्हतें. असें असतां त्याच्या व्हीनसची मान निसर्गापेक्षां लांब, डावा खांदा नको तितका उतरता, आणि शिंपेच्या कडेवर ती ज्या तोलानें उभी आहे त्या तोलानें प्रत्यक्षांत कोणतीहि स्त्री क्षणभर देखील उभी राहूं शकणार नाहीं. हें चित्रकाराचें अज्ञान काय? मुळींच नव्हे. जें पूर्वजांनीं कष्टानें मिळविलें तें त्यानें समजून उमजून सोडिलें, आणि रेषेच्या लयीसाठीं देह हलका केला. ती उभी नाहीं, वाऱ्यावर वाहत आली आहे. समुद्रांतून नुकत्याच जन्मलेल्या सौंदर्यास अजून पृथ्वीचा भार ठाऊक नाहीं. पण या त्यागाची किंमत कोणास कळेल? ज्यानें आधीं जोत्तोच्या मरीयेचे गुडघे पाहिले त्यास. जो धांवत येऊन थेट व्हीनसपुढें उभा राहिला, त्यास एक सुंदर स्त्री व कांहीं फुलें दिसतात. आणि तीं तर घरीं टांगलेल्या दिनदर्शिकेवरहि दिसत होतीं.

आमचें म्हणणें तें हेंच. उफ्फीत्सींत रांगा दोन आहेत. एक माणसांची, दाराबाहेरची. दुसरी चित्रांची, दाराच्या आंतली. पहिली चुकवितां येते आणि खुशाल चुकवावी. दुसरी चुकविणारा आपलीच फसवणूक करितो, कारण तींतील प्रत्येक चित्र मागच्या चित्रास कांहीं उत्तर देत असतें. उत्तर ऐकावयाचें आणि प्रश्न ऐकावयाचा नाहीं, अशा श्रवणास अर्थ नाहीं.

लेओनार्दो दा व्हिन्ची याचें ‘शुभसंदेश’ हें तरुणपणचें चित्र, १४७२ च्या सुमाराचें, हीच गोष्ट दुसऱ्या रीतीनें शिकवितें. समोरून पाहतां मरीयेचा ग्रंथाकडे गेलेला उजवा हात विचित्र लांब दिसतो, आणि जाणकारांनीं तो पुष्कळ काळ नवशिक्याच्या प्रमादांत जमा केला. परंतु प्रेक्षक उजवीकडे सरकला, कीं हाताची लांबी आवळते आणि सारें दृश्य आपल्या जागीं बसतें. म्हणून हें चित्र उजव्या बाजूनेंच पाहिलें जाईल, हें ध्यानीं धरून तें काढिलें असावें, असें कित्येकांचें मत आहे. तें मत कोणास पटो वा न पटो, चार पावलें सरकून तें ताडून पाहण्याची मुभा प्रत्येकास आहे. गर्दी मात्र बरोबर मध्यावर उभी राहते, मोबाइल उंच धरिते, आणि दोषासकट चित्र टिपून पुढें सरकते. सरकून पाहण्यास जी जागा लागते ती गर्दीनें व्यापिली आहे, आणि जो धीर लागतो तो तिकिटाबरोबर मिळत नाहीं. प्रामाणिकपणें सांगावयाचें तर आमचाहि हात एकदोनदां खिशाकडे गेला. त्या दिवशीं टिपिलेलीं चित्रें आम्हीं पुन्हा उघडून पाहिलीं नाहींत, हें येथें कबूल केलेलें बरें.

दोष केवळ प्रेक्षकाचा आहे असें नाहीं. अलीकडील वर्षांत या संग्रहालयास वर्षाकाठीं वीस लाखांहून अधिक लोक भेट देतात. एवढा लोंढा दारांतून आंत घेण्याची युक्ति व्यवस्थापकांस साधली आहे. आंत गेल्यावर तो चार ठिकाणीं थबकावा, अशी युक्ति अद्याप साधावयाची आहे. आना मारीया लुईझाच्या करारांतील तीन हेतूंपैकीं तिसऱ्यानें पहिल्या दोहोंस गिळलें, असें आजच्या फ्लॉरेन्सकराचें गाऱ्हाणें असेल तर त्यास नांव ठेवण्यास आम्ही धजणार नाहीं. परंतु त्या विदुषीनें ‘परदेशीयांची जिज्ञासा’ असे शब्द योजिले होते. परदेशीयांची गर्दी, असे नव्हे.

आणि परदेशीयास या नगरीनें नेहमीं केवळ गिऱ्हाईकच मानिलें, असेंहि नाहीं. कोल्हापूरचे तरुण छत्रपति राजाराम महाराज युरोपचा प्रवास करून परत येत असतां १८७० च्या नोव्हेंबरांत फ्लॉरेन्स येथें वारले. वय अवघें वीस वर्षांचें. तेथील अधिकाऱ्यांनीं एका सर्वस्वी परक्या विधीस संमति दिली, आणि आर्नो नदीच्या कांठीं हिंदुरीतीनें त्यांचें दहन झालें. त्याच स्थळीं, कास्चीने उद्यानाच्या पश्चिम टोकास, छत्रीखालीं बसविलेला त्यांचा अर्धपुतळा १८७४ पासून उभा आहे. दुपारीं आम्ही तेथें गेलों. तिकीट नव्हतें, रांग नव्हती, घाईहि नव्हती. आणि सकाळीं दालनांदालनांतून जें कोणास साधत नव्हतें तें, म्हणजे एका ठिकाणीं निमूट उभें राहणें, तेथें आपोआप साधलें. ज्या नगरीनें पाहुण्याचा एवढा मान राखिला, तिच्या घरीं पाहुण्यानें धांवत येऊन धांवत जावें, हें शोभत नाहीं.

तेव्हां आमचा अभिप्राय असा. अग्रप्रवेशाचें तिकीट अवश्य घ्यावें; त्यांत पाप नाहीं. मात्र त्यानें वांचलेला तास आपल्या मालकीचा समजूं नये. तो आरंभींच्या त्या उंच दालनांत, तीन मरीयांच्या पायांशीं खर्चून टाकावा, आणि मग क्रमानें पुढें जावें. संग्रहांतील निम्मीं चित्रें पाहावयाचीं राहिलीं तरी चालेल. असें केलें तर पदस्पर्श घडल्याचें समाधान घेऊन परततां येईल. एरवीं, सर्वांच्या आधीं आंत शिरून देखील, मुखदर्शन तरी पदरीं पडलें असें आम्हांस म्हणवत नाहीं.