बावकर, उत्तरा

बावकर, उत्तरा : (१९४४–एप्रिल २०२३). हिंदी रंगभूमी, दूरदर्शन आणि हिंदी-मराठी चित्रपट या क्षेत्रांतील एक श्रेष्ठ चरित्र अभिनेत्री. मराठी कुटुंबात जन्मलेल्या उत्तराबाईंच्या अभिनयाची जडणघडण मात्र दिल्लीत झाली. राष्ट्रीय नाट्यविद्यालयात इब्राहिम अल्काझी यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी नाट्यशिक्षण घेतले (१९६८). त्यानंतर त्या विद्यालयाच्या रंगमंडळात त्यांनी दीर्घकाळ काम केले. मनोहर सिंग, सुरेखा सीकरी हे त्यांचे तेथील सहकलाकार होत.

रंगमंडळातील त्यांच्या भूमिकांचा पल्ला विस्तृत होता. ऑथेल्लोमधील डेस्डेमोना, मेना गुर्जरीतील मेना, उमराव जानमधील नायिका व तुघलकमधील सुलतानाची सावत्र आई अशा परस्परांहून अगदी भिन्न प्रकृतीच्या व्यक्तिरेखा त्यांनी उभ्या केल्या. जयवंत दळवी यांच्या संध्याछाया या नाटकाचा हिंदी अवतारही त्यांनी दिग्दर्शित केला (१९७८). रंगभूमीवरील अभिनयासाठी त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला (१९८४).

व्यापक प्रेक्षकवर्गाला त्यांचा परिचय झाला, तो गोविंद निहलानी यांच्या तमस (१९८८) या दूरदर्शनपटामुळे. फाळणीच्या दंगलीत गुरुद्वारात आश्रय घेतलेल्या आणि अखेर इतर स्त्रियांसह विहिरीत उडी घेणाऱ्या जसबीरच्या भूमिकेत त्यांनी आक्रोशाचा आश्रय घेतला नाही. श्रद्धेने आलेली एक विलक्षण शांतता त्यांच्या मुद्रेवर दिसते आणि त्यामुळेच तो प्रसंग अधिक भीषण वाटतो. मृणाल सेन यांच्या एक दिन अचानक (१९८९) या चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला. पावसाळी संध्याकाळी घराबाहेर पडलेला प्राध्यापक (श्रीराम लागू) परत येत नाही, एवढेच या चित्रपटाचे कथासूत्र. त्याच्या पत्नीच्या मनातील काळजी, अपमान, संताप आणि ज्याच्याबरोबर संसार केला तो माणूस आपल्याला कळलाच नाही ही जाणीव उत्तराबाईंनी घरकामाच्या साध्या हालचालींतून व अर्धवट राहिलेल्या वाक्यांतून व्यक्त केली आहे. लोर्काच्या नाटकावर आधारलेल्या रुक्मावती की हवेली (१९९१) मध्ये त्यांनी मुलींना कोंडून ठेवणारी कठोर माता साकारली. तेथे त्यांच्या स्वराची जरब जाणवते. परंतु ती व्यक्तिरेखा खलनायिका होत नाही. रूढीची राखण करणारी ही स्त्री स्वतःही रूढीचीच बंदिवान आहे, हे भान त्या सुटू देत नाहीत.

मराठीत त्यांना योग्य वाव मिळाला, तो प्रामुख्याने सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांच्या चित्रपटांतून. दोघीमधील (१९९५) आई ही त्यांची सर्वांत अवघड भूमिका म्हणता येईल. दारिद्र्यामुळे मुलीच्या अधःपतनाकडे डोळेझाक करणाऱ्या आणि तरीही लोकलज्जेपोटी तिला दूर ठेवणाऱ्या या आईबद्दल प्रेक्षकाला चीड येते व करुणाही वाटते. दोहोंपैकी कोणत्याही एका भावनेकडे तिला झुकू न देणे, हे उत्तराबाईंचे यश होय. याच दिग्दर्शकांच्या वास्तुपुरुष (२००२) या चित्रपटातही त्यांनी काम केले. नागेश कुकुनूर यांच्या डोर (२००६) मध्ये त्यांनी राजस्थानी घरातील वृद्ध आजी रंगविली.

आवाजावरील हुकमत, शब्दोच्चाराची शुद्धता व हालचालींतील काटकसर ही त्यांच्या अभिनयाची वैशिष्ट्ये होत. रंगभूमीवर घडलेल्या नटांना कॅमेऱ्यासमोर अतिरंजितपणाचा मोह पडतो, असा आक्षेप पुष्कळदा घेतला जातो. त्याला त्यांचे काम हे सप्रमाण उत्तर आहे. दूरदर्शनवरील उडानसारख्या मालिकेनंतर वाहिन्यांच्या काळात दैनंदिन मालिकांनी मात्र त्यांना बहुधा आई वा आजीच्या ठरीव साच्यात बसविले आणि त्यांच्या सामर्थ्याचा अल्पांशच वापरला. त्यांच्या ऐन उमेदीतील मोठ्या भूमिका रंगमंचावरच्या होत्या. त्यामुळे आज त्या प्रत्यक्ष पाहणाऱ्यांच्या आठवणीपुरत्याच उरल्या आहेत. चित्रपटांतून त्यांच्या वाट्याला आले ते बहुतांशी उत्तर वयातील दुय्यम काम. त्यांची कीर्ती त्यांच्या गुणवत्तेच्या मानाने मर्यादित राहिली, याचे कारण येथेच शोधावे लागते. दीर्घ आजारानंतर पुणे येथे त्यांचे निधन झाले.