जमीन विकून मिळविलेले स्वातंत्र्य

कलेसाठी घरदार पणाला लावणाऱ्याविषयी आपणांस आदर वाटतो, आणि तो वाटावाही. पण त्या आदराच्या भरात कलाकृतीचे मोल करावयाचे राहून जाते. श्री. भाऊराव कऱ्हाडे यांच्या बाबतीत काहीसे असेच झाले आहे. ‘ख्वाडा’ या आपल्या पहिल्या चित्रपटासाठी त्यांनी शेतजमीन विकली, ही हकीकत पुष्कळांना ठाऊक असते. चित्रपट पाहिलेले मात्र त्या मानाने थोडे. दादासाहेब फाळक्यांनीही १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्रा’साठी आपली विम्याची पॉलिसी गहाण टाकली होती. परंपरा जुनीच आहे. प्रश्न एवढाच, की या त्यागातून चित्रपटाच्या पदरात काय पडले?

कऱ्हाडे यांचे शिक्षण अहमदनगरच्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगरच्या, न्यू आर्ट्स महाविद्यालयात झाले. श्री. नागराज मंजुळे यांचा ‘पिस्तुल्या’ हा लघुपटही याच महाविद्यालयातील विद्यार्थिदशेतला. मुंबईपासून दूर राहण्याचा एक लाभ असा, की तेथे माळरान ही कथेमागची शोभा ठरत नाही. ते माणसांच्या पोटापाण्याची जागाच राहते.

२०१५ साली पडद्यावर आलेल्या ‘ख्वाडा’त हा लाभ जागोजागी दिसतो. रघू या धनगराची जमीन वनखात्याकडे गेली आहे, कोर्टात खटला चालू आहे आणि कुटुंब मेंढरांमागे भटकत आहे. बापाचे चित्त निकालाकडे. धाकट्या बाळूचे लग्नाकडे. श्री. शशांक शेंडे यांनी रघूचा चिवटपणा कोठेही आक्रोश न करता उभा केला आहे. प्रसंगाच्या जागीच ध्वनी मुद्रित केल्यामुळे बोलीला वाऱ्याची आणि मेंढरांची साथ मिळते. या ध्वनिमुद्रणाला राष्ट्रीय पारितोषिक लाभले, ते योग्यच झाले. लेखन आणि दिग्दर्शन एकाच हाती होते, म्हणूनच ही सबुरी परवडली. जमीन गमावलेल्याची कथा जमीन विकून सांगितली गेली, हा योगही विसरण्याजोगा नाही.

‘बबन’ (२०१८) मध्ये मात्र ही सबुरी सुटते. दूध घालणाऱ्या तरुणाची धंद्यात उभे राहण्याची धडपड हा विषय अस्सल आहे. पण गाणी, प्रेम आणि हाणामारी यांच्या गर्दीत तो मागे पडतो. सावकाराला उंबऱ्याबाहेर ठेवता आले, तरी ‘लोकांना आवडेल ना?’ ही धास्ती घरात शिरली, असे वाटते. ती निराधार होती असेही म्हणवत नाही. २०२३ साली ‘टीडीएम’ला चित्रपटगृहांत पुरेसे खेळ मिळेनात, आणि त्याचे प्रदर्शन थांबवावे लागले. चित्रपट काढणे आपल्या हाती असते. तो दाखविणे मात्र दुसऱ्याच्या.

तरीही कऱ्हाडे यांच्याकडे मागणे एकच आहे. खेळ थोडे मिळोत वा पुष्कळ, पुढचा चित्रपट त्यांनी ‘ख्वाडा’तल्या त्याच कानाने ऐकून करावा.