सातपासून शून्यापर्यंत

माईनक्राफ्ट खेळणाऱ्या जवळपास प्रत्येकाला कधी ना कधी एक प्रश्न पडतो. घरात, अंगणात, कुंपणावर टॉर्च लावल्या, तरी सकाळी दार उघडलं की समोर क्रीपर उभा. हा आला कुठून? याच्या उलटा प्रश्नही तितकाच जुना आहे. झोंबी मिळावेत म्हणून मुद्दाम काळोखी खोली बांधली, तासभर वाट पाहिली, एकही आला नाही. असं का?

हा खेळ अंधाराबद्दल काय मानतो, ते त्याच्या चित्रांपेक्षा या दोन प्रश्नांच्या उत्तरांतून जास्त नीट कळतं. म्हणून इथे ती उत्तरंच वाचायची आहेत. वाचताना शेजारी गोंदिया जिल्ह्यातलं बोदलकसा ठेवू. तिरोडा तालुक्यातला हा तलाव नागझिऱ्याच्या रानाजवळ आहे. रात्री दारापाशी कोण आलं, हा प्रश्न या भागात फोनच्या बाहेरही विचारला जातो.

आधी उत्तरं. शत्रू प्राणी जन्माला घालायचा की नाही हे ठरवताना खेळ त्या ब्लॉकवरचा उजेड मोजतो. उजेडाचं माप शून्य ते पंधरा. टॉर्चचा उजेड चौदा, आणि प्रत्येक ब्लॉकमागे तो एकने घटतो. जुना नियम असा होता की उजेड सात किंवा त्याहून कमी असेल तर प्राणी जन्मू शकतो. म्हणजे एक टॉर्च सरळ रेषेत सहा ब्लॉकपर्यंत राखण करायची. ३० नोव्हेंबर २०२१ ला १.१८ आवृत्ती आली आणि नियम बदलला. आता आपण लावलेल्या दिव्यांचा उजेड तिथे पूर्ण शून्य असला तरच जन्म. तीच टॉर्च आता तेरा ब्लॉकपर्यंत पुरते.

त्यामुळे तपासाचा पहिला टप्पा म्हणजे आपली आवृत्ती कोणती ते पाहणं. दुसरा, अंधारा ब्लॉक शोधणं. तो बहुतेक वेळा आपण बघत असतो तिथे नसतोच. छपरावर असतो, जिन्याखाली असतो, झाडाच्या पानांखाली असतो. जिथे उजेड पोचवणं शक्य नाही तिथे जमिनीवर अर्ध्या उंचीची फरशी किंवा गालिचा टाकायचा, कारण त्यावर प्राणी जन्मत नाहीत. तिसरा टप्पा अंतराचा. संगणकावरच्या जावा आवृत्तीत प्राणी खेळाडूपासून २४ ब्लॉकच्या आत जन्मत नाही आणि १२८ च्या पलीकडे टिकत नाही. चौथा टप्पा संख्येचा. एकट्याने खेळत असाल तर आसपासच्या शत्रूंची मर्यादा ७० आहे. काळोख्या खोलीत कोणी येत नाही त्याचं कारण बहुतेक वेळा इथे सापडतं. खोलीखालच्या, आपण कधी न पाहिलेल्या गुहांमध्ये ती संख्या आधीच भरलेली असते.

याशिवाय अपवाद आहेत. स्लाइम जमिनीखालच्या ठरावीक पट्ट्यांत भर उजेडातही जन्मतो. तीन दिवस झोपला नाहीत तर आकाशातून फँटम उतरतो. गावावर होणाऱ्या झोंबींच्या हल्ल्यालाही उजेडाची अडचण नसते.

सॉफ्टवेअरमध्ये काम करणाऱ्याला ही पद्धत ओळखीची वाटेल. त्रास वर दिसतो आणि कारण तीन मजले खाली असतं. ‘खेळ बिघडलाय’ म्हणत आलेल्या माणसाला ही उत्तरं शांतपणे सांगतात की खेळ ठीक आहे, तुझ्या घराखाली गुहा आहे, खाली उतर. दहा-बारा वर्षांच्या मुलाला कार्यकारणभाव इतक्या सहज शिकवणाऱ्या गोष्टी फार नाहीत. खेळाचं हे श्रेय आधी द्यायला हवं.

पण याच उत्तरांची दुसरी बाजू मला खटकते. त्यांच्यात रात्र ही एक त्रुटी आहे. अंधार असला की शत्रू निपजतो, उजेड केला की निपजत नाही, आणि जगाचा एकही कोपरा अंधारा राहिला नाही की काम फत्ते. अनुभवी खेळाडूंच्या जगाचे फोटो पाहा. डोंगर, कुरण, जंगल, सगळीकडे ठरावीक अंतरावर टॉर्च खोचलेल्या. सुंदर भूप्रदेश असतो आणि त्यावर पुरळ उठल्यासारखे दिवे. १.१८ ने हा पुरळ कमी केला हे खरं, निम्म्याहून कमी दिव्यांत काम होऊ लागलं. पण त्यासोबत संधिप्रकाश गेला. एक ते सात या मापांमधला जो उजेड पूर्वी संशयाचा होता, तो आता निर्धोक झाला. पूर्वी गुहेत टॉर्चपासून सात-आठ पावलं पुढे गेलं की पोटात गोळा यायचा. आता तिथे काही नाही हे आकड्याने माहीत असतं. खेळणाऱ्यांची सोय झाली, पण खेळाचा सगळ्यात चांगला भाग, म्हणजे नीट न दिसणाऱ्या जागेबद्दलची शंका, पातळ झाला.

त्याहून मोठी अडचण ‘स्पॉन’ या कल्पनेत आहे. खेळातल्या झोंबीला आई नाही, बीळ नाही, कालचा दिवस नाही. तुम्ही आलात म्हणून तो जन्मतो आणि तुम्ही दूर गेलात की पुसला जातो. म्हणजे शत्रू हा तुमच्या असण्याचा परिणाम आहे, त्याचं स्वतःचं असं काही नाही. ‘गावात बिबट्या शिरला’ ही बातमी वाचताना आपणही नकळत असंच मानतो. जणू तो कालपर्यंत नव्हता आणि आज कुठल्या तरी अंधाऱ्या कोपऱ्यात तयार झाला.

नागझिऱ्याच्या वाघांकडे पाहिलं की ही कल्पना किती तोकडी आहे ते कळतं. नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्प २०१३ मध्ये जाहीर झाला. जंगल आहे, चितळ आहेत, अंधारही भरपूर आहे, म्हणून इथे वाघ आपोआप वाढले नाहीत. २० मे २०२३ ला ब्रह्मपुरीच्या जंगलातल्या दोन वाघिणी आणून इथे सोडाव्या लागल्या, गळ्यात रेडिओ कॉलर घालून. एक प्राणी एका जंगलात असावा यासाठी पशुवैद्य, पिंजरे, गाड्या आणि चोवीस तास माग ठेवणारी माणसं लागली. दुसरं उदाहरण ‘जय’ वाघाचं. नागझिऱ्यात जन्मलेला हा वाघ गावं आणि रस्ते ओलांडत उमरेड-कऱ्हांडल्याला गेला. २०१६ च्या एप्रिलनंतर तो कोणाला दिसला नाही. खेळाच्या हिशेबाने तो १२८ ब्लॉकच्या पलीकडे गेला, विषय संपला. प्रत्यक्षात त्याला शोधायला वनविभाग आणि शेकडो माणसं रानोमाळ फिरली, आणि त्याचं काय झालं हे लोक अजून विचारतात.

असं म्हणता येईल की हा खेळ आहे, त्याच्याकडून वनशास्त्राची अपेक्षा का करायची? बरोबर आहे. पण खेळाने स्वतःच याहून मोठी कल्पना करून दाखवली आहे, म्हणून अपेक्षा. ७ जून २०२२ ला १.१९ आवृत्तीत ‘डीप डार्क’ आलं, जमिनीच्या तळाशी असलेला काळाकुट्ट प्रदेश. गंमत अशी की इथे अंधार असूनही झोंबी, क्रीपर असं नेहमीचं कोणी जन्मत नाही. इथे वॉर्डन आहे, आणि त्याला डोळे नाहीत. तुमच्या पावलांचा, तुम्ही फोडलेल्या ब्लॉकचा कंप तो टिपतो. आवाज झाला की आधी इशारे मिळतात. इशाऱ्यांकडे दुर्लक्ष करत राहिलात तर तो जमिनीतून वर येतो. कितीही टॉर्च लावा, उपयोग नाही. वाकून हळू चाला, वाटेवर लोकर अंथरा. त्याला मारून हाती जवळपास काही लागत नाही. इथे तपासाचा प्रश्न बदलतो. ‘कुठला कोपरा अंधारा राहिला?’ याऐवजी ‘मी काय केलं?’ असं विचारावं लागतं. खेळात पहिल्यांदा खेळाडू पाहुणा होतो.

तरीही डीप डार्क अर्ध्याच वाटेवर थांबतं. बोदलकशाच्या बाजूच्या रानात मार्च-एप्रिलमध्ये मोहफुलं पडतात. ती उजाडायच्या आत वेचायला जावं लागतं, आणि मोह अस्वलालाही आवडतो. धानाच्या बांधीत रात्री पाणी द्यायला जाणंही हौसेचं नसतं, कृषिपंपाची वीज अनेकदा रात्रीच मिळते म्हणून जावं लागतं. अंधार मिटवणं या माणसांच्या हातात नाही. टॉर्च एक, रान मोठं. मोह वेचायला जाताना घ्यायची काळजी साधी आहे: एकटं जाऊ नये, चारचौघांनी मिळून मोठ्याने बोलत जावं. वॉर्डनपाशी तुम्ही आहात हे त्याला कळू द्यायचं नसतं. इथे नेमकं उलट आहे. आपण येतोय हे अस्वलाला आधीच कळलं पाहिजे, म्हणजे ते आपल्या वाटेने निघून जाईल. अचानक गाठ पडली तर दोघांचंही वाईट होतं.

ज्या प्राण्याला आपली चाहूल लागली की तो बाजूला होतो, असा शत्रू माईनक्राफ्टमध्ये मला अजून भेटलेला नाही. क्रीपर मांजराला बघून पळतो, पण माणसाला बघून कधीच नाही. अशा प्राण्याचा कोड लिहिणं अवघड नाही. त्यासाठी आधी एवढंच मान्य करावं लागेल की अंधारात जो आहे, तो आपण येण्याआधीपासून तिथे होता.