शत्रूचा रेडिओ, आपला रेडिओ

१९८० सालचा ‘द सी वुल्व्हज्’ हा इंग्रजी चित्रपट जेम्स लीझर यांच्या ‘बोर्डिंग पार्टी’ (१९७८) या पुस्तकावर बेतलेला आहे. घटना खरी. ९ मार्च १९४३ रोजी पोर्तुगीज गोव्यातील मुरगाव बंदरात उभ्या असलेल्या ‘एरेनफेल्स’ या जर्मन जहाजावर ‘कलकत्ता लाइट हॉर्स’च्या उतारवयाच्या हौशी स्वारांनी छापा घातला. जहाजावरचा गुप्त ट्रान्समीटर पाणबुड्यांना ब्रिटिश जहाजांचा ठावठिकाणा पुरवतो, ही कथेची किल्ली.

ग्रेगरी पेक, रॉजर मूर, डेव्हिड निव्हन यांच्यामुळे चित्रपट रंगतो. यंत्र मात्र नुसती पेटीच राहते. वास्तविक गुप्त रेडिओ बोलू लागला, की स्वतःचा पत्ताही सांगू लागतो. दिशाशोधक यंत्रे लहरींचा माग काढत येतात. ते भय पडद्यावर उतरत नाही.

छाप्याच्या आधीच्याच पावसाळ्यात मुंबईत ते भय काही तरुण रोज भोगत होते. २७ ऑगस्ट १९४२ पासून उषा मेहता आणि त्यांचे सहकारी जागा बदलत ४२.३४ मीटरवर ‘काँग्रेस रेडिओ’ चालवीत होते. १२ नोव्हेंबरला त्या पकडल्या गेल्या. इंग्रज सरकारच्या लेखी मुरगावचा आणि मुंबईचा, दोन्ही ट्रान्समीटर शत्रूचेच!

चित्रपटाला हे भान नाही. त्यातला हिंदुस्थान म्हणजे मागचा देखावा. इथल्या माणसाची निष्ठा कोणाशी, हे तो विचारत नाही. आणि हेरकथेचा जीव तर त्याच प्रश्नात असतो.